आप्पांची चौकशी

"वहिनी, माउसला हळद लावू नका," असं मी दर खंडेनवमीला सांगायचे आणि दर खंडेनवमीला त्या लावायच्याच. त्या वर्षीही लावली. मग कीबोर्डवर अक्षता पडल्या, प्रिंटरला कुंकवाचं बोट लागलं आणि कॉम्प्युटरच्या डोक्यावर झेंडूची माळ चढली. स्क्रीनवर सरस्वतीचं चित्र मी सकाळीच लावून ठेवलं होतं, कारण बंद पडद्याची पूजा गड्डम सरांना चालत नसे.

"चालू मशीनमध्ये जीव असतो," ते म्हणायचे. "बंद मशीन म्हणजे डबडं. डबड्याला कशाला हार घालायचा?"

सोलापूरच्या पूर्व भागात गड्डम सरांचं चादरींच्या डिझाइनचं ऑफिस होतं. ऑफिस म्हणजे त्यांच्या घराची पुढची खोली. वहिनी म्हणजे त्यांच्या पत्नी. मी तिथं कामाला होते. चादरीवर जे मोर, कमळं, हत्ती दिसतात, ते आधी आमच्या कॉम्प्युटरवर बारीक बारीक चौकोनांत काढले जायचे. भरलेला चौकोन म्हणजे धागा वर, रिकामा म्हणजे खाली. त्या चौकोनांबरहुकूम पुठ्ठ्याच्या पट्ट्यांना भोकं पाडायची, पट्ट्या मागावर चढवायच्या, की माग तोच मोर विणतो. सरांच्या उभ्या आयुष्यातले मोर त्या एका कॉम्प्युटरमध्ये होते.

आणि एका काळ्या हार्ड डिस्कमध्ये. दर शनिवारी ती डिस्क कॉम्प्युटरला जोडायची, नवीन डिझाइनांची प्रत घ्यायची आणि परत कपाटात कुलपात टाकायची, हा सरांचा नियम. एरवी तिला कुणी हात लावलेला त्यांना खपत नसे. पण खंडेनवमीला घरातली सगळी हत्यारं पाटावर एकत्र आली पाहिजेत. कात्र्या आल्या, भिंग आलं, भोकं पाडायचं मशीन पुसून झालं, तसे सर कपाटाकडे वळले.

"डिस्कपण हत्यारच की," असं म्हणून त्यांनी ती वायरीसकट आणली आणि कॉम्प्युटरला जोडून पाटावर ठेवली.

"नुसती ठेवली तरी चालेल की, सर."

"म्हणजे बंद ठेवायची? मग काय उपयोग?"

डिस्कचा निळा दिवा लागला आणि लुकलुकायला लागला. एरवी थोडा वेळ लुकलुकून तो शांत व्हायचा. त्या दिवशी आरती झाली, प्रसाद झाला, तरी त्याचं चाललेलंच. वहिनी कौतुकानं म्हणाल्या, "बघ गं नंदा, देवी कशी कामाला लागलीय." आम्ही सगळे हसलो. माझे वडील, आप्पा, घरून नारळ घेऊन पूजेला आले होते. तेही हात जोडून त्या दिव्याकडे बघत हसले.

पूजा झाली की दसरा उलटेपर्यंत हत्याराला हात लावायचा नाही. तो त्यांच्या विश्रांतीचा काळ. आम्ही दार ओढून घेतलं. आत हाराखाली कॉम्प्युटर चालू होता, शेजारी डिस्क जोडलेली होती, आणि माउसला हळद लागलेली असल्यामुळे कुणी चुकूनसुद्धा त्याला हात लावणार नव्हतं.

आता आप्पांबद्दल सांगते. सिद्राम बिराजदार, एसटीचे ड्रायव्हर. आयुष्यभर गाडी चालवली आणि गाडीला साधा ओरखडा येऊ दिला नाही. विनाअपघात सेवेबद्दल त्यांचा सत्कार झाला होता, तेव्हा मिळालेली शाल आई कुणाला पांघरू देत नसे. मग एका डोळ्यात काचबिंदू निघाला. त्या डोळ्याची नजर गेली आणि आप्पांची गाडी सुटली. डेपोत खुर्चीवर बसायचं काम मिळालं, ते त्यांना जमलं नाही. मुदतीआधीच निवृत्ती घेऊन ते घरी बसले. बसले म्हणजे नुसते बसलेच. आई बोलली तर मान हलवायचे, नाही बोलली तर तीही हलवायचे नाहीत.

त्यांना घराबाहेर काढावं म्हणून मी मुद्दाम डबा विसरायला लागले. ते तो घेऊन दुपारी ऑफिसात यायचे. तिथं एकदा सरांनीच त्यांना कॉम्प्युटरवर बस चालवायचा एक गेम दाखवला. फुकट मिळणारा, थोडासाच भाग असलेला. आप्पा सावरून बसले. दुपारच्या सुट्टीत आम्ही जेवायचो आणि आप्पा कुठल्यातरी परदेशी गावात बस हाकायचे. खोटी बस, पण चालवायचे अगदी खरी. सिग्नलला थांबायचे, वळणाच्या आधी हॉर्न द्यायचे, स्टॉपवर म्हातारं माणूस चढत असेल तर ते सीटवर बसेपर्यंत गाडी हलवायचे नाहीत.

"अहो आप्पा, ती माणसं खोटी आहेत," मी म्हणायचे.

"आसू दे की. धडपडलं म्हंजे?"

त्यांची तक्रार एकच होती. त्या गाडीचं स्टेअरिंग डावीकडं होतं आणि रंग पांढराफटक. "ही काय गाडी हाय का? आपली लाल गाडी नाही व्हय यात?" अशी विचारपूस त्यांनी डेपोतल्या जुन्या मंडळींत केली असणार. कारण खंडेनवमीच्या आदल्या दिवशी मी एका कारखान्यात पट्ट्या पोचवून परत आले, तर आप्पा स्क्रीनसमोर लहान पोरासारखे बसले होते. समोर खरोखरच आपली लाल एसटी उभी होती.

"हे कुठनं आलं?"

"कंडक्टर कांबळ्याच्या पोरानं दाखवलं. टोरंट म्हंत्यात त्येला. सगळा गेम फुकटात. माझा मीच उतरवला," आप्पा म्हणाले. "आवाज तर ऐक!"

त्यांनी गाडी चालू केली. इंजिनचा तोच घरघराट, तोच भसाडा हॉर्न. आप्पांनी डोळे मिटले. मीही मग जास्त विचारलं नाही. इतक्या दिवसांनी ते आपणहून इतकं बोलले होते.

दसरा झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी सरांनी निर्माल्य काढलं, माउसची हळद पुसली आणि माउस हलवून पडदा जागा केला. सरस्वतीचं चित्र गेलेलं होतं. त्याच्या जागी काळा पडदा, त्यावर इंग्रजी मजकूर. तुमच्या सगळ्या फायलींना आम्ही कुलूप घातलंय, किल्ली हवी असेल तर पैसे पाठवा, असा एकूण अर्थ. सरांनी मोरांचा फोल्डर उघडला. फायलींची नावं तीच होती, फक्त प्रत्येक नावाला एक अगम्य शेपूट लागलेलं. एकही उघडेना.

"डिस्क," सर म्हणाले.

डिस्क जोडलेलीच होती. तिच्यातही प्रत्येक फाइलला तेच शेपूट. आरती झाली तरी तो निळा दिवा का लुकलुकत होता ते आम्हाला तेव्हा कळलं.

कॉम्प्युटर दुरुस्त करणारे तानवडे आले. तास-दोन तास बसले. "पैसे पाठवू नका," ते म्हणाले. "पाठवूनपण किल्ली देतील याची खात्री नाही." मग त्यांनी विचारलं, "इथं कुणी बसचा गेम टाकलाय का? गेम चांगला आहे, चालतो. पण त्याच्या पोटात दुसरंच काहीतरी लपवून दिलंय. आणि ते आत येताना अडवणारा अँटीव्हायरस कुणीतरी बंद केलाय. आपोआप झालेला नाही, हातानं केलाय."

सरांनी माझ्याकडे बघितलं. मी म्हणाले, "आप्पांनी टाकला, सर. अँटीव्हायरसचं मला माहीत नव्हतं."

सर उठून दारापाशी जाऊन उभे राहिले. त्यांच्या वडिलांनी कागदावर काढलेले हत्ती त्यांनी एकेक चौकोन करून त्या कॉम्प्युटरमध्ये आणले होते, आणि ते कागद कधीच वाळवीनं खाल्ले होते. त्यांनी ओरडावं, मला घरी पाठवावं, असं मला अगदी मनापासून वाटत होतं. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"आप्पांना सांगू नको," ते शेवटी म्हणाले.

"सर?"

"ज्या माणसानं आयुष्यात एक अपघात केला नाही, त्याला हे सांगायचं? परत घरात जाऊन बसतील. आणि या खेपेला उठायचे नाहीत. मशीन बिघडलंय म्हण."

मी मान हलवली. सरांनी शपथ घालायची गरज नव्हती, मीही तेच ठरवलं असतं. मला आप्पा परत घरी भिंतीकडे बघत बसलेले नको होते, बाकी काहीही चाललं असतं.

दुपारी आप्पा डबा घेऊन आले. तानवडे अजून कॉम्प्युटर उघडून बसलेले. "मशीन बिघडलंय, आप्पा," मी म्हणाले. "जुनं झालं होतं." आप्पांनी तानवड्यांकडे बघितलं, उघड्या कॉम्प्युटरकडे बघितलं, आणि "बरं" म्हणाले. गेमचं नाव त्यांनी काढलं नाही. त्या दिवशी नाही, पुढेही नाही. मला हायसं वाटलं.

डिझाइनं परत मिळवायचा एकच रस्ता उरला होता. कारखान्यांतल्या जुन्या पट्ट्या बहुतेक रद्दीत गेल्या होत्या, पण चादरी तर होत्या ना. चादर म्हणजे डिझाइनच. भिंग लावून एकेक धागा मोजायचा, वर आहे की खाली ते बघायचं, आणि चौकोन पुन्हा भरत जायचं. वेळखाऊ काम, पण होण्यासारखं. फक्त ज्या डिझाइनची जुनी चादर हाती येईल तेच डिझाइन वाचणार. वहिनींनी घरातल्या साऱ्या चादरी काढल्या. शेजाऱ्यांच्या आल्या. तरी कितीतरी मोर बेपत्ताच.

"काय करालाव तुम्ही?" आप्पांनी विचारलं. सर नवीन कॉम्प्युटरवर आणि मी चादरीवर वाकले होते.

"जुनी डिझाइनं परत काढायची ऑर्डर आलीय," सर बेमालूम बोलले. "जुन्या चादरी मिळेनात, आप्पा."

आप्पांनी चादरीचं एक टोक उचलून बघितलं. मग म्हणाले, "मिळतेल की."

मुक्कामाच्या गाडीवर जाणाऱ्या प्रत्येक ड्रायव्हर-कंडक्टरला वळकटी लागते, आणि वळकटीत सोलापुरी चादर असतेच. कुणाची नवी, कुणाची वडिलांच्या वेळची. आप्पांनी फोन करायला सुरुवात केली. उमरगा, अक्कलकोट, तुळजापूर, बार्शी, पार नगरपर्यंत. "जुनी चादर हाय का? आसंल तर पाठव. नवीन देतो बदल्यात. नाही, फाटली तरी चालंल. फाटकीच पाठव." चादरी गाड्यांतून यायला लागल्या. डिझेलचा, तंबाखूचा, कधी नुसत्या घामाचा वास मारणाऱ्या. वहिनी त्या धुवून दोरीवर टाकायच्या आणि दोरीवर सरांचा एखादा हरवलेला मोर वाऱ्यानं हलायला लागायचा.

मग आप्पा भिंगही घेऊन बसले. भिंगाला एकच डोळा लागतो.

"भरला, रिकामा, रिकामा, भरला," ते सांगायचे, मी चौकोन भरायचे.

"दमला असाल, आप्पा. मी बघते."

"नको. भरला, भरला, रिकामा."

सकाळी माझ्याबरोबरच यायचे आता, आणि मी निघेपर्यंत थांबायचे. चहा दिला तर कपातला निम्मा तसाच राहायचा. मी सरांना हळूच म्हणाले, "बघा, किती रमलेत." सरांनाही तसंच वाटत होतं. आमची युक्ती फळली म्हणून आम्ही दोघं मनातल्या मनात खूश होतो. आप्पा मात्र सरांशी नजर मिळवून बोलत नव्हते, हे माझ्या लक्षात यायचं आणि मी ते त्यांच्या डोळ्यावर ढकलायचे.

असा महिना गेला. सगळंच परत आलं नाही. पण नगरच्या एका कंडक्टरच्या वळकटीतून सरांच्या वडिलांचा हत्ती आला, तेव्हा सरांनी ती मळकी चादर तशीच तोंडाशी धरली. आप्पांनीच त्या हत्तीचा शेवटचा धागा मोजला. "भरला," म्हणाले आणि भिंग खाली ठेवलं.

सरांना आता राहवेना. टेबलाच्या खणातून त्यांनी एक बॉक्स काढला. "आप्पा, हे तुमच्यासाठी. बसचा गेम. विकत घेतलाय, दुकानातनं. नंदा आत्ता टाकून देईल. चालवा निवांत."

आप्पांनी बॉक्स हातात घेतला नाही. ते उभे राहिले.

"मला बक्षीस देताय, मालक?"

"बक्षीस कसलं? तुम्ही इतकी मदत..."

"मदत?" आप्पांचा आवाज चढला नाही. "ते तानवडे मशीन खोलून बसले हुते, त्याच दिवशी मला कळलं. मी त्येच्या मागनं जाऊन रस्त्यात इचारलं. त्येनं सगळं सांगितलं."

मी सरांकडे बघितलं. सर माझ्याकडे.

"आप्पा, मग बोलला का नाहीत?" मी विचारलं.

"तुम्ही बोलताव का बघत हुतो. आज बोलतेल, उद्या बोलतेल. कुणीच काय म्हणंना. उलट वहिनी च्या देत्यात, मालक खुर्ची देत्यात." ते थांबले. "मालक, आमच्यात आपघात झाला तर ड्रायव्हरनं पळून जायचं नसतंय. गाडीपाशी थांबायचं. म्हणून मी रोज येऊलालतो. पण थांबल्यावर चौकशी हुती हो. पंचनामा हुतो. कुणाची चूक ते ठरतं. काय असंल ती शिक्षा मिळते, मग माणूस मोकळा हुतो. तुम्ही मला मोकळंच करंनाव."

मला माझ्या शहाणपणाची मनस्वी लाज वाटली. ज्या माणसाला आम्ही जपत होतो, तो रोज सकाळी आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून, शिक्षा मागायला येत होता आणि आम्ही त्याला चहा देत होतो.

सरांनी बॉक्स उचलला. मग त्यांनी तो खणात टाकला, टेबलाच्या पलीकडं आपल्या खुर्चीवर जाऊन बसले आणि समोरच्या खुर्चीकडे बोट केलं.

"बसा."

आप्पा बसले.

"नंदा, टाइप कर. नाव?"

"सिद्राम मल्लिकार्जुन बिराजदार."

"गेम कुठनं आणला?"

"टोरंटवरनं. फुकट."

"विकतचा मिळतो, हे माहीत होतं?"

"हुतं. पण त्यात लाल गाडी नव्हती."

"अँटीव्हायरस कुणी बंद केला?"

"मी. तितं लिवलं हुतं, टाकायच्या आधी बंद करा म्हणून. मला इंग्रजी लागत नाही नीट, एकेक आक्षर लावून वाचलं. लिवलेलं पाळायची सवय."

"बंद करताना मशीननं काही इशारा दिला?"

माझी बोटं कीबोर्डवर थांबली.

"दिला," आप्पा म्हणाले. "लाल चौकोन आला हुता. धोका हाय म्हणून. एकदा न्हाई, दोनदा आला. मी दोन्ही येळंला बाजूला सारला." त्यांनी सरांच्या नजरेला नजर दिली. "जल्मभर लाल दिसलं की थांबलो, मालक. त्या दिशी न्हाई थांबलो. गाडी चालवायची लई हाव सुटली हुती मला."

मला पुढचं दिसेना, पण मी टाइप करत राहिले. सरांनीही चष्मा काढून पुसला.

"पुढं लिही, नंदा. प्रत ठेवायची डिस्क कपाटात असती तर नुकसान झालं नसतं. ती पूजेला जोडून ठेवली व्यंकटेश गड्डम यांनी."

"मालकाचं नाव चौकशीत येत नसतंय," आप्पा म्हणाले.

"माझ्या ऑफिसात येतं. लिही गं." सर खुर्चीत ताठ झाले. "निकाल. डिस्कचा दोष गड्डम यांचा. अपघाताचा दोष ड्रायव्हरचा."

आप्पांनी मान खाली घातली. त्यांचे खांदे सैल पडलेले मला दिसले.

"शिक्षा?" त्यांनी विचारलं.

"ताकीद."

"नुसती?"

"सक्त ताकीद."

"लेखी द्या," आप्पा म्हणाले.

मी कागद छापला. सरांनी सही केली, आप्पांनी केली, आणि साक्षीदार म्हणून माझी घेतली. एक प्रत ड्रायव्हरला मिळते, म्हणून दुसरीही छापायला लावली. भिंग लावून आप्पांनी ती वरपासून खालपर्यंत वाचली. 'दोष ड्रायव्हरचा' या शब्दांवर थोडं थांबले. मग घडी घालून शर्टाच्या खिशात ठेवली.

"नंदा, च्या मिळंल का गं?"

मी आत जाऊन वहिनींना चहा टाकायला सांगितला. कप घेऊन बाहेर आले, तर आप्पा खुर्चीत मान टाकून गाढ झोपले होते. भर दुपारी, तोंड उघडं टाकून, घोरत. महिनाभर त्यांनी डोळ्याला डोळा लावला नव्हता हे आईनं मला त्या संध्याकाळी सांगितलं. सर उठले, आवाज न करता पंखा वाढवला आणि बोट ओठांवर ठेवून मला म्हणाले, "झोपू दे."